केरू मिस्त्री आणि पिसांचा नाग

केरू मिस्त्रीच्या हाताखाली काम केलेला कुणीही माणूस घ्या, तो हेच सांगेल की म्हातारा भिंतींना जीव लावतो आणि माणसांवर खेकसतो. सिन्नर तालुक्यातल्या एका कोरडवाहू गावातून तो तेराव्या वर्षी घमेली उचलायला आला. विशीत हातात थापी आली, पंचविशीत लोक मिस्त्री म्हणायला लागले. आता पासष्टी गाठलीय. गुडघे कुरकुरतात, पण ओळंबा सोडल्यावर त्याची दोरी डुलायची थांबायच्या आत मिस्त्रीने भिंत किती बाहेर गेलीय ते सांगितलेलं असतं. लहवितपासून नाशिकरोडपर्यंत त्याने बांधलेल्या घरांत एकही कोपरा काटकोन सोडून गेलेला सापडणार नाही. सापडलाच, तर तो कुणीतरी मागाहून वाढवलेल्या संडासाचा असेल.

पण त्याचा खरा तोरा आखणीत. पाया खणण्याआधी मोकळ्या जमिनीवर खुंट्या ठोकून, दोऱ्या ताणून अख्खं घर जमिनीवर काढतात, ती आखणी. हे काम मिस्त्री दुसऱ्या कुणालाही करू देत नाही. मोबाईलमधल्या होकायंत्रावर त्याचा काडीचा विश्वास नाही. एक काठी उभी रोवायची, भर दुपारी तिची सावली सगळ्यांत आखूड झाली की तिच्यावर दोरी धरायची, ती उत्तर. तिला गुण्या, म्हणजे गवंड्याचा काटकोन, लावला की पूर्व-पश्चिम आली. मग घर त्या चार दिशांना सरळ बसवायचं, बोटभरही इकडे-तिकडे नाही. एका मालकाने रस्त्याला समांतर घ्या म्हणून हट्ट धरला, तर हा पठ्ठ्या हत्यारं पिशवीत भरून घरी निघून गेला होता. लोकांना त्याच्या या हट्टाचं मोठं कौतुक. पुढचं सगळं रामायण घडलं ते त्याच हट्टापायी.

देवळाली कॅम्पच्या पुढे, तोफांच्या सरावाने खिडक्यांच्या काचा थडथडतात त्या पट्ट्यात एक मराठी शाळा आहे. तिथं भूगोल शिकवणाऱ्या तेजस्विनी मॅडम दिवाळीआधीच्या एका रविवारी मिस्त्रीच्या घरी आल्या. सटाण्याकडची मुलगी, अठ्ठावीसेक वर्षांची, बोलायची घाई फार. हातात गुंडाळी केलेला नकाशा होता. मिस्त्रीच्या बायकोने, कुसाबाईने चहा टाकला, आणि मॅडमनी ओट्यावर बसून सांगायला सुरुवात केली.

मेक्सिको नावाच्या देशात हजारएक वर्षांपूर्वी माया लोकांनी एक पिरॅमिड बांधला. खाली रुंद, वर निमुळता, नऊ टप्प्यांचा, चारी बाजूंनी पायऱ्या. तो त्यांच्या एका देवाचा. देव म्हणजे नाग, पण अंगावर खवल्यांच्या जागी पिसं. माया त्याला कुकुल्कान म्हणायचे. त्यांच्या शेजारच्या अझटेक लोकांत त्याचं नाव केत्सालकोआत्ल, आणि हे नाव मिस्त्रीच्या जिभेला शेवटपर्यंत काही वळलं नाही. कुसाबाईने मध्येच विचारलं की मग तो नाग म्हणायचा का पाखरू. मॅडम म्हणाल्या, दोन्ही. जमिनीवर सरपटणारा तोच आणि आभाळात वाऱ्यासारखा जाणारा तोच. त्यानेच मुंगीचं रूप घेऊन डोंगराच्या पोटातून मक्याचे दाणे माणसांसाठी पळवून आणले. माणसंही त्यानेच घडवली. पाताळात जाऊन मेलेल्यांची हाडं गोळा केली, येताना लावे पक्ष्यांना दचकून ठेच लागून पडला, हाडांचे तुकडे झाले, मग ते दळून त्यात आपलं रक्त मिसळलं. तुकडे लहानमोठे झाले म्हणून माणसंही लहानमोठी. देव असून पडला कसा, याचं कुसाबाईला फार नवल वाटलं.

मॅडमना शाळेच्या मागच्या मैदानात त्या पिरॅमिडची लहान प्रतिकृती हवी होती. पाया अठरा फूट, उंची दहा फूट. शोभेसाठी नव्हे. मार्चात आणि सप्टेंबरात दिवस आणि रात्र सारखे होतात तेव्हा तिथं एक गंमत होते. दुपार कलली की टप्प्यांच्या कोपऱ्यांची सावली उत्तरेकडच्या पायऱ्यांच्या कठड्यावर पडते, तिच्यामधून उन्हाचे सात त्रिकोण उमटतात, आणि कठड्याच्या तळाशी दगडाचं नागाचं डोकं आहे, त्याला ते शेपटीपासून येऊन मिळतात. पिसांचा नाग आभाळातून उतरतो. आणि ते गाव न् आपलं नाशिक पृथ्वीच्या गोळ्यावर जवळजवळ एकाच अक्षांशावर, विसाव्या. तिथं सूर्य जसा चढतो-उतरतो तसाच इथं. तिथं उतरतो, मग इथं का नाही उतरणार?

मिस्त्रीला ही गोष्ट आवडली, हे खरं. आयुष्यभर दोन खोल्या आणि एक पडवी बांधून त्याचा जीव विटला होता. पण मॅडमनी निघताना आणखी एक गोष्ट सांगितली, ती त्याच्या डोक्यात राहिली. त्या शाळेत तीन वर्षं कंत्राटावर होत्या. संस्थेच्या सेक्रेटरीसाहेबांना हा खेळ पसंत नव्हता. सगळ्या शिक्षकांसमोर ते हसत हसत म्हणाले होते की एकवीस मार्चला नाग उतरला तर तुमची ऑर्डर कायम, नाही उतरला तर जूनपासून आम्हाला दुसऱ्या मॅडम बघाव्या लागतील. हसत म्हणाले, पण साहेब हसत बोलतात तेच करतात, असं शाळेत सगळ्यांना माहीत होतं.

आता इथं घोडं अडलं. मॅडम गेल्यावर मिस्त्रीने नकाशा उलगडला, आणि बघतो तर चौकोन तिरका. उत्तरेची बाजू उत्तरेला नव्हतीच, पूर्वेकडे चांगली वीस अंश कललेली. बाजूला बारीक अक्षरात आकडाही लिहिलेला. मिस्त्री गालातल्या गालात हसला. पोरगी हुशार, गोष्टी छान सांगते, पण हाताला मातीची सवय नाही. कागद फिरला असेल, पट्टी सरकली असेल. देवाची वास्तू कुणी तिरकी बांधतं का? कुसाबाईने विचारलं, काय हसताय. तो म्हणाला, काय नाय, लेकरू चुकलंय, मी करतो नीट.

दिवाळीची सुट्टी लागायच्या आदल्या दिवशी मॅडमनी मुलांना घेऊन मैदानात फक्कीने चौकोन आखून ठेवला आणि त्या गावाला गेल्या. दुसऱ्या दिवशी मिस्त्री आला. मैदान रिकामं, शाळा बंद. त्याने ती पांढरी तिरकी रेघ पाहिली आणि चपलेने पुसून टाकली. चारी बाजू पुसल्या. मग काठी रोवून दुपारपर्यंत निंबाखाली बसून राहिला, सावली आखूड झाल्यावर दोरी धरली, आणि आखणी केली सरळ. दोन आठवड्यांत पाया जमिनीच्या वर आला.

सुट्टीवरून परत आल्यावर मॅडम मैदानात आल्या. मागचं कुंपण नाल्याच्या कडेने वाकडंतिकडं गेलेलं, शाळेची इमारत झाडांच्या आड. तिरकं काय नि सरळ काय, नुसत्या नजरेने कळायला काही खूण नव्हती. त्यांनी विचारलं, "काका, आखणी माझ्या खुणांवरच केलीत ना?"

"तुम्ही नका काळजी करू, मॅडम," मिस्त्री म्हणाला.

हे काही हो नव्हे. पण मॅडमनी ते हो म्हणूनच घेतलं आणि मिस्त्रीने घेऊ दिलं.

पुढे काम झरझर चढलं. नऊ टप्पे, चार जिने, कठडे, माथ्यावर छोटंसं देऊळ. सव्वीस जानेवारीला सकाळी झेंडावंदन झालं, मुलं खाऊ घेऊन घरी गेली, आणि गिलाव्याला पाणी मारायला म्हणून मिस्त्री पाच वाजता एकटाच मैदानात आला. नळी हातात घेऊन उत्तरेच्या जिन्यापाशी गेला आणि तिथंच थबकला. कठड्यावर ऊन उतरलं होतं, पण नुसतं नव्हे. वरून खाली एकाखाली एक त्रिकोण, सावलीच्या दातांमधून निघालेले. त्याने बोटाने मोजले. सात. पाणी पायावर सांडत राहिलं तरी त्याला भान नव्हतं. ऊन थोडं सरकलं तसं ते अंग हललं, आणि म्हाताऱ्याच्या अंगावर सरसरून काटा आला. चाळीस वर्षांत त्याने बांधलेली एकही वस्तू जिवंत झाली नव्हती.

घरी जाऊन त्याने कुसाबाईला सांगितलं. तिने आपले हात जोडले. मॅडमना मात्र त्याने सांगितलं नाही. त्या बिचाऱ्या मार्च-मार्च करत बसल्यात, त्या दिवशी बघतील नि खूश होतील, असा त्याचा हिशेब. मनातल्या मनात आणखी एक गोष्ट होती, तीही सांगतो. आपण सरळ केलं म्हणूनच नाग आला, याची त्याला खात्री पटली होती. तिरका असता तर आला असता का, असं तो स्वतःला चार वेळा म्हणाला.

फेब्रुवारी लागला आणि सावलीचे दात बोथट व्हायला लागले.

आधी मिस्त्रीला वाटलं नजर कमी झाली. मग त्याने कोळशाने खुणा केल्या. रोज पाच वाजता जाऊन बघायचा, रोज सावली खुणेच्या मागे सरलेली असायची आणि ऊन पुढे आलेलं. सात त्रिकोणांचे सहा झाले, मग ते एकमेकांत मिसळले. सूर्य संक्रांतीनंतर उत्तरेला सरकतो, हे मिस्त्रीला काय शाळेत शिकायची गरज? थंडीत घरात आत येणारं ऊन उन्हाळ्यात उंबऱ्याबाहेर राहतं, ते धरूनच तर तो खिडक्या ठेवत आलेला. पण मार्चातही नाग उतरायचा आहे, असं पुस्तकात लिहिलंय ना? मग परत येईल. काही तरी होईल. माणूस घाबरला की असंच स्वतःला समजावतो.

मार्चच्या पहिल्या आठवड्यात तो कठड्याच्या तळाशी सिमेंटचं डोकं बसवत होता. हे डोकंही सुखासुखी झालं नव्हतं. आधी त्याने आपल्या सवयीने फणा काढला होता, तो मॅडमनी तोडायला लावला आणि मानेभोवती पिसं करायला सांगितली. तो पिसांच्या रेघा ओढत असताना मागे झाडाखाली मॅडम मुलांचा सराव घेत होत्या. आठवीतली साक्षी पाहुण्यांना माहिती सांगणार होती. ती पाठ केलेलं म्हणत होती, आणि मिस्त्रीच्या कानावर शब्द आले: त्या दिवशी सूर्य जवळजवळ थेट पश्चिमेला उतरतो, त्यामुळे पिरॅमिड दिशांना सरळ असता तर कठड्यावर नुसतंच ऊन पडलं असतं. म्हणूनच तो मुद्दाम वीस अंश फिरवून बांधलेला आहे. सगळी जादू त्या तिरकेपणात आहे.

मिस्त्रीच्या हातातली थापी तशीच राहिली.  अंगावर नव्वद ब्रास दगडमाती चढवलेली असती तरी एवढा भार वाटला नसता. पंधरा दिवस राहिले होते. पाडून परत बांधायला दोन महिने लागतात, तेसुद्धा सगळे हात चालले तर.

त्या दिवशी संध्याकाळी तो मॅडमना सांगायला निघाला. शिक्षकांच्या खोलीच्या दारापर्यंत गेला. आत मॅडम कुणाशी तरी फोनवर बोलत होत्या, आईशी असाव्यात. ऑर्डर कायम झाली की इथंच खोली घेते, तुला घेऊन येते, असं काहीसं. मिस्त्री दारातून परत फिरला. दोन दिवसांनी पुन्हा गेला. या वेळी मॅडमनीच त्याला पाहिलं आणि जवळ आल्या.

"काका, येईल ना हो नाग?"

"येईल," मिस्त्री म्हणाला.

बघा आता. चार महिन्यांपूर्वी खरं लपवलं होतं, आता सरळसरळ खोटं बोलला. घरी येऊन जेवला नाही. कुसाबाईने खोदून खोदून विचारल्यावर सगळं सांगितलं.  तिने एवढंच म्हटलं की तुमची चूक तुमच्यापाशी ठेवा, तिच्या पोटावर पाय देऊ नका. मिस्त्री तिच्यावर खेकसला. आणि खेकसल्यावर त्याला जाणवलं की आपण फक्त बरोबर बोलणाऱ्यांवरच खेकसतो.

अठरा तारखेला त्याने एक भलतंच करून पाहिलं. प्लायवूडचा तुकडा घेऊन मैदानात गेला, पाच वाजायची वाट पाहिली, आणि तो तुकडा एका टप्प्याच्या कोपऱ्यावर बाहेर काढून धरला. कठड्यावर लगेच सावलीचा दात पडला, आणि त्याच्यापुढे छान टोकदार उन्हाचा त्रिकोण. सात तुकडे कापले, सिमेंटच्या रंगाने रंगवले आणि सकाळी जाऊन ठोकले, तर कुणाच्या बापाला कळणार नव्हतं. मॅडमची नोकरी राहील, सेक्रेटरी टाळ्या वाजवतील, केरू मिस्त्रीचं नाव पेपरात येईल. घटकाभर त्याला इतकं हलकं वाटलं की तो एकटाच हसला. मग तुकडा तिथंच विटेखाली दाबून तो खाली उतरला आणि त्याने लांब जाऊन पाहिलं. प्लायवूड कोपऱ्यातून बाहेर आलेलं, एखाद्या लुच्च्या गवंड्याने भेगेवर बुजवण मारावं तसं. असली बुजवणं करणाऱ्या गवंड्यांना त्याने आयुष्यभर कामावरून हाकलून दिलं होतं. त्याने तुकडा गुडघ्यावर मोडला, दोन्ही अर्धे नाल्यात टाकले, आणि तरीही मॅडमकडे गेला नाही. सांगायची हिंमत होईना नि फसवायचीही होईना, असा तो मधेच लोंबकळत राहिला.

एकवीस मार्चला चार वाजताच मैदान भरलं. पुढे खुर्च्यांवर सेक्रेटरीसाहेब, संस्थेचे दोघे-तिघे, मागे पालक, कॅम्पातल्या फौजी घरांतल्या बायका, जमिनीवर मुलं. मिस्त्रीला पुढच्या रांगेत बसवलं होतं, गळ्यात हार. तो हार त्याला टोचत होता. मॅडम नवी साडी नेसून आल्या होत्या आणि दर दोन मिनिटांनी आकाशाकडे बघत होत्या. एकही ढग नव्हता. मिस्त्रीने सकाळपासून ढगाची वाट पाहिली होती, ढगावर ढकलता आलं असतं. तेही त्याच्या नशिबी नव्हतं.

साक्षीने माईकवर गोष्ट सांगितली. मुंगी झालेला देव, मक्याचे दाणे, फुटलेली हाडं. पालक मन लावून ऐकत होते. तोफेचा एक आवाज झाला, काचा थडथडल्या, कुणी लक्ष दिलं नाही. सव्वापाच वाजले. सगळ्यांच्या माना कठड्याकडे वळल्या.

कठड्यावर ऊन पडलं होतं. वरपासून खालपर्यंत, स्वच्छ, सपाट, चुना फासल्यासारखं. एकही दात नाही. तळाशी पिसांचं डोकं तोंड उघडून बसलेलं आणि त्याला अंगच नाही.

साडेपाच झाले. मुलं चुळबुळ करू लागली. मागून कुणीतरी म्हणालं, नागोबा बिळात गेले वाटतं, आणि चार माणसं हसली. सेक्रेटरीसाहेबांनी मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिलं, मग मॅडमकडे पाहिलं, आणि तेही हसले. मॅडमचा चेहरा पांढरा पडला होता. त्या उठून पिरॅमिडजवळ गेल्या. पर्समधून मोबाईल काढला आणि खालच्या पायरीच्या कडेला लावून धरला. मिस्त्रीला ते होकायंत्र दिसत नव्हतं, पण त्यांच्या खांद्यांवरून त्याला सगळं कळलं. पाच-सहा सेकंद त्या तशाच वाकून राहिल्या. मग सरळ झाल्या आणि वळून त्यांनी एकदा, फक्त एकदा, मिस्त्रीकडे पाहिलं. त्यांना कळलं होतं.

आता त्या बोट दाखवतील, असं मिस्त्रीला वाटलं. दाखवलं असतं तर त्याला बरं वाटलं असतं. त्यांनी माईक घेतला आणि सांगितलं की माफ करा, कोन मोजताना चूक झाली, ती माझी आहे, नकाशा माझा होता आणि जबाबदारीही माझीच आहे.  सेक्रेटरीसाहेब मान डोलावत उठायला लागले. त्यांना हवं ते मिळालं होतं. आणखी अर्ध्या मिनिटात सगळे चहाकडे वळले असते आणि केरू मिस्त्री हार घालून, नाव राखून घरी गेला असता. ते अर्धं मिनिट फार लांब होतं.  मग तो उठला. हार काढून खुर्चीवर ठेवला.

"थांबा," तो म्हणाला. माईक नव्हता, पण चाळीस वर्षं परांचीवरून ओरडलेला आवाज मागच्या रांगेपर्यंत गेला. "नकाशा बरोबर हाय मॅडमचा. त्यांनी तिरका काढला व्हता, तसाच पायजे व्हता. त्यांनी फक्कीनं खुणा केल्या, त्या मी पायानं पुसल्या आन् सरळ बांधलं. त्यांनी इचारलं तवा खरं सांगितलं नाय. परवा इचारलं तवा खोटं बोललो. त्यांचा एक शब्दबी चुकला नाय. हे समदं माझं हाय."

 सेक्रेटरीसाहेबांनी चांगलं तोंडसुख घेतलं. एवढ्या लोकांसमोर संस्थेची शोभा केलीत, अडाणी माणसाच्या हातात काम दिलं की हेच व्हायचं, शाळेच्या नव्या इमारतीचं काम तुम्हालाच द्यायचं ठरत होतं, आता या फाटकातून पाऊल टाकू नका. मिस्त्रीने सगळं खाली मान घालून ऐकलं. नंतर साहेब मॅडमकडे वळून जरा चढ्याच आवाजात म्हणाले की पुढच्या वर्षी नीट देखरेख ठेवा, हे पाडून घ्या आणि स्वतः उभं राहून करून घ्या. पुढच्या वर्षी, म्हणाले. म्हणजे जूननंतरही मॅडम इथंच, हे मिस्त्रीने बरोबर हेरलं.

माणसं पांगली. मुलं आयांचे हात धरून गेली. चहाचे कप गोळा झाले. मिस्त्री निघून जाऊ शकला असता, पण तो निंबाखाली उभा राहिला. मॅडम एकट्याच खुर्च्या एकावर एक रचत होत्या. जवळ आल्या तेव्हा थांबल्या. रडल्या नव्हत्या, पण डोळे लाल होते.

"काका, एकदा विचारलं का नाही? माझा नंबर होता तुमच्याकडे."

विसरलो, असं म्हणता आलं असतं. वयाकडे बोट दाखवता आलं असतं, चालून गेलं असतं. पण एकदा खरं बोलायला तोंड उघडलं की मधेच मिटता येत नाही. मिस्त्रीने जमिनीकडे बघत सांगितलं.

"नकाशा घेऊन कुणी साहेब आला असता, तर इचारलं असतं. धा वेळा इचारलं असतं, साहेब, हे तिरकं का म्हणून. तुम्ही बाईमाणूस, त्यात लेकराच्या वयाच्या. म्हटलं, चुकली असंल."

मॅडमनी हातातली खुर्ची खाली ठेवली. रागावतील असं त्याला वाटलं होतं, आणि त्याची तयारीही होती.

"मला वाटलंच होतं ते," त्या म्हणाल्या. "पाया वर आला तेव्हाच मोबाईल लावून बघायचं माझ्या मनात आलं होतं. दोन मिनिटांचं काम होतं. नाही बघितलं. म्हटलं, एवढ्या मोठ्या मिस्त्रीच्या कामाला एका पोरीने येऊन होकायंत्र लावलं, तर काका खवळतील."

त्यांनी खुर्ची उचलली आणि वर्गाकडे निघून गेल्या. मिस्त्री मैदानात उभा होता. आपल्या कामात आजवर कुणी चूक काढली नाही, असं तो चारचौघांत सांगत आला होता, गड्यांना, मालकांना, कुसाबाईला. कुणी बघायलाच धजलं नव्हतं, हे त्याला आज कळलं.